‘आरटीईवाले, हात वर करा’

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

शिक्षण हक्क कायद्याखाली (आरटीई) खासगी शाळांत वंचित व दुर्बल घटकांतील मुलांसाठी राखलेल्या २५ टक्के प्रवेशांच्या बातम्या आपल्या पानांवर दरवर्षी ठरलेल्या क्रमाने येतात. अर्ज सुरू झाले, संकेतस्थळ अडकले, सोडत निघाली, प्रतीक्षा यादी लागली, जागा रिकाम्या राहिल्या, या मुलांच्या शुल्कापोटी सरकारने संस्थाचालकांना द्यायची रक्कम, म्हणजे प्रतिपूर्ती, थकली. मूल वर्गात जाऊन बसले की बातमी संपते. हे पत्र तिथून पुढचे आहे.

राज्य सरकारने ९ फेब्रुवारी २०२४ च्या अधिसूचनेने एक किलोमीटरच्या आत सरकारी किंवा अनुदानित शाळा असेल तर खासगी शाळेला या प्रवेशांतून सूट दिली होती. मुंबई उच्च न्यायालयाने ६ मे रोजी तिला स्थगिती दिली, १९ जुलै रोजी ती रद्द केली आणि ऑगस्टमध्ये सर्वोच्च न्यायालयानेही तो निकाल कायम ठेवला. दारातली अडवणूक न्यायालयात मोडता आली. वर्गात होणारी अडवणूक न्यायालयापर्यंत जात नाही, कारण ती हजेरीपटात, सहलीच्या नोटिशीत आणि कारकुनाने मागितलेल्या यादीत असते.

विविधता, विशेषाधिकार, सामाजिक न्याय हे शब्द आता अध्यापक विद्यालयाच्या प्रश्नपत्रिकेतही येतात आणि त्यांवर निबंध लिहून गुण मिळतात. स्वतः शाळा काढणाऱ्या आणि चालवणाऱ्या जोतीराव फुल्यांनी १९ ऑक्टोबर १८८२ रोजी ब्रिटिश सरकारच्या शिक्षणविषयक हंटर आयोगाला दिलेले निवेदन या निबंधांच्या शेजारी ठेवून पाहावे. त्यात तळमळ आहेच, पण आकडेही आहेत. प्राथमिक शिक्षण किमान बारा वर्षे वयापर्यंत सक्तीचे करा. शिक्षकाचा पगार दरमहा बारा रुपयांच्या खाली नको, मोठ्या गावात पंधरा किंवा वीस द्या. शिक्षक शेतकरी वर्गातले नेमा, जे लोकांत मिसळतील आणि वेळ पडली तर नांगराची मूठ किंवा सुताराचा वाकस हातात धरतील. शेतसारा रयत भरते आणि शिकतो कोण, हा हिशेब त्यांनी सरकारपुढे ठेवला. आम्हीही इथे हिशेबानेच बोलणार आहोत.

सुरुवात या पत्राच्या शीर्षकापासून. पहिलीतल्या मुलाला ‘आरटीईवाला’ हे नाव बहुतेक वेळा कुणी हेटाळणीने दिलेले नसते. कार्यालयातून अकरा वाजता निरोप येतो की बारापर्यंत आरटीईच्या मुलांची आधार क्रमांकासह यादी हवी. वर्गशिक्षिकेला चाळीस मुले सांभाळायची असतात. सर्वांत जवळचा रस्ता म्हणजे ‘आरटीईवाले, हात वर करा’. दहा हात वर होतात, तीस जण वळून पाहतात. वर्षातून चार वेळा असे झाले की मधल्या सुट्टीत मुले तोच शब्द वापरू लागतात. केंद्राच्या २०१० च्या नियमांनी या मुलांचे वर्ग वेगळे करायला, वेगळ्या वेळी भरवायला, पुस्तके, ग्रंथालय, संगणक, खेळ यांत भेद करायला मनाई केली आहे. वर्गात हात वर करायला लावू नका, असे मात्र कुठल्याच नियमात लिहिलेले नाही.

ही माहिती प्रवेशाच्या दिवसापासून कार्यालयात असते. वर्गशिक्षकाकडे ती मागण्याचे कारणच नाही. मुख्याध्यापकांनी जूनच्या पहिल्या आठवड्यात एकच यादी करून कारकुनाच्या कपाटात ठेवावी आणि वर्गाच्या हजेरीपटावर कोणतीही खूण, तारा किंवा लाल शाई वापरू नये. पालकांकडून एखादा कागद हवाच असेल तर बंद पाकिटे चाळीसही मुलांना द्यावीत. दहा पाकिटांत मागणीपत्र, तीसांत महिन्याची साधी सूचना. खर्च चाळीस पाकिटांचा. शाळेच्या व्हॉट्सअॅप गटावर नावे टाकणे ही याच चुकीची नवी आवृत्ती आहे. तिथे मुलांऐवजी पालक वळून पाहतात.

सरकारी शाळांनी या बाबतीत हसू नये. समग्र शिक्षा अभियानाचा मोफत गणवेश अनेक वर्षे सर्व मुली, अनुसूचित जाती-जमातींची मुले आणि दारिद्र्यरेषेखालची मुले एवढ्यांनाच मिळत होता. म्हणजे जिल्हा परिषदेच्या एकाच बाकावर नवा गणवेश कुणाच्या अंगावर आहे यावरून जात किंवा गरिबी कळे, आणि गणवेश न मिळालेल्या मुलाच्या घरी ‘त्यांनाच सगळं मिळतं’ हे वाक्य तयार होई. २०२३-२४ पासून राज्याने पहिली ते आठवीच्या सर्वच मुलांना गणवेश द्यायचे ठरवले. एका गणवेशाला तीनशे रुपये आणि वर्षाला दोन, असा तो हिशेब होता. योजनेची आखणी बदलली आणि जे काम समतेवरच्या भाषणांनी झाले नव्हते, ते झाले. उपस्थिती भत्त्याचे उदाहरण उलटे आहे. १९९२ पासून दारिद्र्यरेषेखालच्या काही प्रवर्गांतील मुलींना पहिली ते चौथीपर्यंत हजेरीच्या दिवसाला एक रुपया. २२० दिवस पूर्ण हजर राहिलेल्या मुलीला वर्षाचे २२० रुपये. त्यासाठी बँकेत खाते उघडायचे, आधार जोडायचे, तर आईचा किमान एक रोज बुडतो. रोज २२० पेक्षा जास्त असतो.

आता पैसे. प्रतिपूर्तीची रक्कम राज्याने वर्षानुवर्षे मुलामागे १७,६७० रुपयांवर ठेवली, करोनाच्या वर्षात ती ८,००० वर आणली आणि तीही वेळेवर दिली नाही. ही संस्थाचालकांची तक्रार खरी आहे. पण तिची वसुली सहावर्षीय मुलाकडून करता येत नाही. शुल्क माफ असते. स्नेहसंमेलनाचा पोशाख, सहल, छायाचित्र, ‘उपक्रम शुल्क’, प्रकल्पाचे साहित्य ही वाट मात्र मोकळी राहते. कायद्याचे कलम ३ सांगते की प्राथमिक शिक्षण पूर्ण करण्याच्या आड येईल असे कोणतेही शुल्क, आकार किंवा खर्च मुलावर पडता कामा नये. पाठ्यपुस्तके, लेखनसाहित्य आणि गणवेश मोफत, हेही केंद्राच्या नियमांत आहे.

सहलीचा हिशेब करून पाहू. चाळीस मुले, माणशी ९०० रुपये, म्हणजे ३६,०००. दहा जणांना परवडत नाही. प्रचलित पद्धत अशी की ते दहा जण ‘ऐच्छिक’ म्हणून घरी राहतात आणि दुसऱ्या दिवशी सगळ्या वर्गाला ‘आमची सहल’ हा निबंध दिला जातो. दुसरी पद्धत, तीस जणांकडून बाराशे घेणे. ती न्यायाची वाटते, पण महिन्याभरात कुणीतरी पालक मुलासमोर बोलतो आणि ते वाक्य बसमध्ये पोचते. टिकाऊ पद्धत एकच: आधी सर्वांत कमी ऐपतीच्या घराला झेपेल तो आकडा ठरवायचा, मग ठिकाण. दीडशे रुपयांत जवळचे धरण, पोस्ट ऑफिस, रोपवाटिका होते. उरलेली तूट शाळेच्या वार्षिक अंदाजपत्रकात जानेवारीतच धरायची. पैसे वर्गात गोळा करायचे नाहीत, खिडकीवर पावती. फळ्यावर ‘राहिलेल्यांची नावे’ कधीही नाहीत.

प्रकल्पांबद्दल एवढेच: घरून करून आणलेला थर्माकोलचा किल्ला हा मुलाचा प्रकल्प नसून कोपऱ्यावरच्या स्टेशनरीवाल्याचा आणि आईच्या मोकळ्या वेळेचा प्रकल्प असतो. जी आई दुसऱ्यांच्या घरची भांडी घासून सातला परत येते तिच्या मुलाला त्यात ‘क’ श्रेणी मिळते. प्रकल्प वर्गातच, दोन तासिकांत, शाळेने दिलेल्या साहित्यात करून घ्यावा.

आम्हाला सर्वांत जास्त लिहायचे आहे ते शाळाप्रवेशाच्या नोंदीतल्या जातीच्या रकान्याबद्दल. शहरी, सुशिक्षित पालक कधीकधी तो भरायला नकार देतात. ‘आम्ही जात मानत नाही, रिकामा ठेवा.’ भावना प्रामाणिक असेल. पण रकाना रिकामा ठेवून ज्याचे काहीच अडत नाही, त्यालाच हे म्हणता येते. विशेषाधिकार म्हणजे काय हे शिक्षकांना समजावायला याहून सोपे उदाहरण नाही.

ज्यांचे अडते त्यांचे कसे अडते ते पाहा. जनरल रजिस्टरमधली, म्हणजे शाळेच्या प्रवेश नोंदवहीतली, नोंद पुढे शाळा सोडल्याच्या दाखल्यावर उतरते, दाखला जात प्रमाणपत्राला लागतो आणि नंतर जात पडताळणी समितीपुढे जातो. पडताळणीत अनुसूचित जातींसाठी १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमातींसाठी ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त व भटक्या जमातींसाठी २१ नोव्हेंबर १९६१ आणि इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७ या तारखांपूर्वीचे पुरावे मागितले जातात. आजोबा-पणजोबांची शाळेतली नोंद त्यांत वजनदार ठरते. ज्याचे आजोबा शाळेत गेले त्याच्याकडे पुरावा आहे. ज्याच्या आजोबांना शाळेत बसू दिले नाही, किंवा ज्यांचा तांडा, पाल, बिऱ्हाड दर महिन्याला हलत होते, त्याला ‘तुझ्या आजोबांचा दाखला आण’ असे सांगितले जाते. जो अन्याय भरून काढायचा, त्याच अन्यायाने पुसलेला कागद पुरावा म्हणून मागायचा, असा हा व्यवहार आहे.

म्हणून आज पहिलीत भरली जाणारी नोंद ही पन्नास वर्षांनी कुणाच्या तरी आजोबांची नोंद असणार आहे. ती भरताना हमखास होणाऱ्या चुका ठरलेल्या आहेत. जातीच्या रकान्यात प्रवर्ग लिहिला जातो: ‘हिंदू-ओबीसी’, ‘भटके’, ‘मागासवर्गीय’. यातले एकही जातीचे नाव नाही. एखादा शब्द गळतो: ‘कोळी महादेव’ ही अनुसूचित जमात आहे, नुसते ‘कोळी’ लिहिले की मूल दुसऱ्या प्रवर्गात गेले. आडनावावरून जात अंदाजाने लिहिली जाते. धर्म बौद्ध लिहिला की जातीचा रकाना कसा भरायचा याबद्दल गोंधळ होतो आणि तो तसाच राहतो. धाकट्या बहिणीची नोंद भावाच्या नोंदीशी जुळत नाही.

उपाय कंटाळवाणा आहे, पण चोख आहे. वडिलांचे किंवा घरातल्या कुणाचेही जात प्रमाणपत्र असेल तर त्यावरून अक्षर न् अक्षर उतरवून घ्यावे. नसेल तर भावंडांची, चुलत भावंडांची शाळेतली नोंद पाहावी. नोंद पालकाला कार्यालयात, दार लोटून, वाचून दाखवावी; ज्याला वाचता येत नाही त्याला दोनदा. सही किंवा अंगठा, आणि एक छायाप्रत पालकाच्या हातात. चौथीच्या आणि सातवीच्या शेवटी नोंद पुन्हा तपासावी, कारण मूल शाळेत असेपर्यंत मुख्याध्यापकांमार्फत शिक्षणाधिकाऱ्यांकडून दुरुस्ती करून घेणे तुलनेने सोपे असते. दाखला घेऊन बाहेर पडल्यावर त्याच एका शब्दासाठी वकील लागतो. आणि जात कधीही वर्गात, सर्वांसमोर विचारू नये. रजिस्टरात जात नेमकी असावी, वर्गात तिचा उच्चार होऊ नये. या दोन गोष्टी परस्परविरोधी वाटतात, म्हणून बहुतेक शाळा नेमक्या उलट करतात.

उच्चार तसाही होतो, आडनावाने. हजेरीपट आडनावांच्या क्रमाने असतो आणि शिक्षक सकाळी पहिली गोष्ट म्हणजे चाळीस आडनावे पुकारतात. क्रम पहिल्या नावाने लावा, हाकही त्यानेच मारा. मुला-मुलींची एकच यादी करा. झाडणे, पाणी भरणे, जेवण वाढणे, फळा पुसणे यांची पाळी त्याच क्रमाने भिंतीवर लावा, म्हणजे झाडू नेहमी त्याच मुलींच्या हातात आणि पाहुण्यांना गुच्छ देण्याचे काम नेहमी त्याच मुलींकडे असे होणार नाही. स्वच्छतागृह कोणत्याही मुलाने धुवायचे नाही. वर्गप्रमुख दर महिन्याला बदला. डब्याबाबत, ‘फक्त शाकाहारी डबा’ हा नियम शिस्तीचा म्हणून काढला जातो. तो कुणाच्या घरच्या सुकटीला नाक मुरडतो हे सांगायला नको. शालेय पोषण आहारात नोव्हेंबर २०२३ मध्ये आलेले आठवड्याचे एक अंडे आणि २०२५ च्या सुरुवातीला थांबलेला त्याचा निधी हा वाद मोठा आहे, त्यावर स्वतंत्र लिहावे लागेल.

भाषेबद्दल थोडे. ‘पाणी’ला ‘पानी’ म्हणणाऱ्या मुलाच्या वहीत लाल रेघ पडते आणि त्याच वर्गात ‘वॉटर’ म्हणणाऱ्याला शाबासकी. अहिराणी, वऱ्हाडी, मालवणी, गोरमाटी, कोरकू, गोंडी, पावरी बोलणारे मूल पहिल्या सहा महिन्यांत तोंडी उत्तर घरच्या शब्दात देईल तर ते बरोबर धरावे. मालवणी मुलाने ‘चेडू’ लिहिले तर ते खोडू नये, शेजारी ‘मुलगी’ लिहावे. शुद्धलेखनाची चूक आणि बोलीतला शब्द या दोन वेगळ्या गोष्टी आहेत; तपासताना त्यांना वेगळी खूण असावी. निबंधाचे विषयही पाहावेत. ऊसतोडणीच्या फडावरून एप्रिलमध्ये परतलेल्या मुलाला ‘मी दिवाळीच्या सुट्टीत काय केले’ विचारले तर तो खोटे लिहायला शिकतो.

अलीकडे शिक्षक-प्रशिक्षणात एक खेळ शिरला आहे. सगळ्यांनी ओळीत उभे राहायचे, ‘तुमच्या घरी पुस्तकांचे कपाट होते का’ असे प्रश्न ऐकायचे, उत्तर हो असेल तर एक पाऊल पुढे. शेवटी पुढे पोचलेल्यांना आपला विशेषाधिकार कळतो. कळतो खरा, पण मागे राहिलेल्यांना पाहून. त्यांना तो आधीपासून ठाऊक असतो आणि आता सगळ्यांसमोर त्यांचे मोजमाप झालेले असते. मुलांबरोबर हा खेळ मुळीच करू नये.

शिक्षकांबरोबर करायचा तर बसून करावा. प्रत्येकाला हरभऱ्याचे आणि तुरीचे दहा-दहा दाणे. एक कापडी पिशवी फिरवायची. हो असेल तर हरभरा, नाही तर तूर. मूठ पिशवीत घालून दाणा सोडायचा. प्रश्न साधे हवेत: आजोबांचे नाव एखाद्या शाळेच्या रजिस्टरात आहे का? आजी वाचू शकत होती का? लहानपणी गृहपाठ घरात कुणी समजावून दिला का? भाड्याने घर शोधताना आडनाव सांगितल्यावर पुढचे बोलणे बदलले का? कोणत्याही दाखल्यासाठी तहसील कार्यालयात तीनपेक्षा जास्त हेलपाटे झाले का? प्रत्येक प्रश्नानंतर दाणे मोजून आकडा फळ्यावर. नावे नाहीत, अनुभवकथन नाही, कुणाला ‘तुम्ही बोला ना’ असा आग्रह नाही. दहा प्रश्नांना पंचवीस मिनिटे पुरतात. दहापेक्षा कमी शिक्षक असतील तर दोन शाळा एकत्र कराव्यात, नाहीतर एकटा पडलेला दाणा कुणाचा हे सगळ्यांना कळते. नंतर एकच चर्चा: हेच प्रश्न आपल्या वर्गातल्या चाळीस घरांना विचारले तर आकडे काय येतील, आणि आपले वेळापत्रक, गृहपाठ, पालकसभा कोणत्या घराला धरून आखली आहे? शनिवारी सकाळी अकराची पालकसभा रोजंदारीवरच्या माणसासाठी नसते. साडेसहाला, वस्तीजवळच्या समाजमंदिरात घेतली तर तो येतो.

शाहू महाराजांनी १९१९ मध्ये कोल्हापूर संस्थानात अस्पृश्यांच्या वेगळ्या शाळा बंद करून सर्व मुलांना एकाच शाळेत बसवण्याचा हुकूम काढला. त्याच्या आधी सदतीस वर्षे फुल्यांनी या मुलांसाठी वेगळ्या शाळा मागितल्या होत्या, कारण इतर शाळा त्यांना आत घेतच नव्हत्या. दोघांचेही आपापल्या काळात बरोबर होते. ‘वेगळे की एकत्र’ हा प्रश्न तत्त्वावर सुटत नाही, परिस्थिती पाहून सोडवावा लागतो. शनिवारी जादा तास ठेवायचे असतील तर तेही यावरून ठरवावे: तास सर्वांना खुला आहे, की त्याच दहा जणांची नावे पुकारून भरवला जातो?

शेवटचा मुद्दा आठवीचा. कायद्याचे छत्र चौदा वर्षांपर्यंत, म्हणजे व्यवहारात आठवीपर्यंत. नववीच्या पहिल्या दिवशी त्याच बाकावर बसायला पूर्ण शुल्क लागते. आठ वर्षे ज्या मित्रांत काढली, त्यांच्यातून मूल उठते. आठवीत होणाऱ्या राष्ट्रीय आर्थिक दुर्बल घटक शिष्यवृत्ती परीक्षेत पात्र ठरल्यास नववी ते बारावी वर्षाला १२,००० रुपये मिळतात, पण ती सरकारी, स्थानिक स्वराज्य संस्थांच्या आणि अनुदानित शाळांतल्या मुलांसाठी आहे. विनाअनुदानित शाळेत शिकणारे आरटीईचे मूल तिला बसू शकत नाही. एका योजनेने आत घेतले म्हणूनच ते दुसरीच्या बाहेर पडते.

हे पालकांना सातवीच्या दिवाळीपूर्वी, लेखी सांगणे हे शाळेचे काम आहे. त्यात तीन गोष्टी असाव्यात: नववीचे नेमके शुल्क, जवळच्या अनुदानित शाळांची नावे आणि तिथल्या प्रवेशाच्या तारखा. ज्यांना आठवीतच अनुदानित शाळेत जायचे असेल त्यांना शिष्यवृत्तीचा मार्ग खुला राहतो, हेही स्पष्ट लिहावे, भले त्यामुळे शाळेचा पट एकाने कमी होवो. आणि शासनाने शिष्यवृत्तीची अट बदलण्यासाठी केंद्राकडे लिहावे, किंवा राज्याच्या पैशातून नववी-दहावीसाठी तेवढीच रक्कम द्यावी. आपल्या दैनिकाने पुढच्या जूनमध्ये सोडतीच्या बातमीशेजारी आणखी एक आकडा छापावा: आठ वर्षांपूर्वी या जिल्ह्यात पहिलीत बसलेल्या आरटीईच्या मुलांपैकी किती जण यंदा त्याच शाळेत नववीत आहेत. तो आकडा शिक्षणाधिकारी कार्यालयाकडे माहितीच्या अधिकारात दहा रुपयांच्या अर्जावर मागता येतो.

आपले,
काही प्राथमिक शिक्षक व मुख्याध्यापक
पुणे जिल्हा